युद्धातली रेल्वे समजावून सांगायची, तर रशिया घ्यावा की आसाम?

युद्धाच्या रसदीत रेल्वेचं काम काय, यावर शाळेत किंवा वाचनालयात बोलायचं ठरलं की दोन उदाहरणं समोर येतात: १९४१ची जर्मनीची रशियावरची स्वारी आणि १९४४ची जपान्यांविरुद्धची इंफाळ-कोहिमाची लढाई, जिची रसद आसामातल्या रेल्वेने जायची. सोलापुरात मी दोन्हींवर बोललो आहे.

रशियाचा आवाका मोठा, हे मान्यच. जर्मन गेज, म्हणजे दोन रुळांमधलं अंतर, १४३५ मिलिमीटर, रशियन १५२४. पण एक रूळ आत सरकवला की तेवढं भागायचं. खरी अडचण पुढची. रशियन इंजिनं मोठी, म्हणून पाणी-कोळशाची ठाणी लांब लांब. जर्मन इंजिनांना ते अंतर झेपेना, आणि थंडीत त्यांच्या बाहेरच्या नळ्या गोठल्या.

मला त्रास झाला तो इथेच. थंडीचा उल्लेख आला की श्रोते रेल्वे सोडून देतात. मग हिटलर, रणगाडे, स्टालिनग्राड. मालधक्क्यावर काय घडत होतं, हे कुणी विचारतच नाही.

आसामात रेल्वे सुटतच नाही. कलकत्त्याहून माल ब्रॉडगेजने, म्हणजे रुंद रुळांवरून, यायचा आणि पार्वतीपूरला अरुंद मीटरगेजच्या वाघिणींत भरला जायचा. पुढे ब्रह्मपुत्रेवर पूल नाही. आमीनगावहून पांडूला वाघिणी पाण्यावरून न्यायच्या. अशा लाइनवर ब्रिटिश सेनापती स्लिमच्या चौदाव्या सैन्याचा दाणागोटा आणि आसामच्या पूर्व टोकाच्या लेडोकडे जाणारा अमेरिकी मालही. १ मार्च १९४४ला सुमारे ८०० मैल लाइन अमेरिकी लष्करी रेल्वे पथकांनी चालवायला घेतली. त्याच महिन्यात जपानी सैन्य इंफाळवर चालून आलं. दिमापूरचा रसदीचा तळ पडला असता, तर ही लाइनच तुटली असती.

होटगीला मीटरगेज आणि कुर्डुवाडीला बार्शी लाइट रेल्वेची नॅरोगेज पाहिलेल्या माणसांना ट्रान्सशिपमेंट, म्हणजे माल एका गाडीतून उतरवून दुसरीत भरणं, शिकवावं लागत नाही. तेच पोतं दुसऱ्यांदा उचलायला किती हमाल आणि किती वेळ लागतो, ते त्यांना ठाऊक असतं. रेल्वेतून निवृत्त झालेल्या एका काकांनी मला विचारलं, "पार्वतीपूरला रिकाम्या वाघिणी वेळेवर परत यायच्या का?" रसदीचा मुद्दा इतका नेमका रशियावरच्या भाषणात मला कुणी विचारला नव्हता.

अर्थात रशियाचे नकाशे, छायाचित्रं सहज मिळतात. तयारीला वेळ कमी असेल आणि श्रोत्यांना लढायांचीच आवड असेल, तर रशिया घ्यायला हरकत नाही. आसाम घेतलंत, तर नकाशा मात्र फाळणीपूर्वीचा लावा. पार्वतीपूर आता बांगलादेशात आहे.