हिशेब चोख, निरोप कच्चा : अपघात भरपाईच्या अपिलात लाभलेल्या वकिली सेवेविषयी

माझ्या ताईच्या अपघात दाव्याचे उच्च न्यायालयातील काम मुंबईच्या फोर्ट भागातील ज्या वकील कार्यालयाने पाहिले, त्याच्या सेवेचा हा अनुभव आहे. रकमेचा शेवटचा भाग अजून हाती यायचा असल्यामुळे कार्यालयाचे नाव देत नाही.

दाजी गवंडीकाम करीत. २०१४ मध्ये सातारा जिल्ह्यात महामार्गावर ट्रकने दिलेल्या धडकेत ते गेले, तेव्हा त्यांचे वय ३८ होते. मागे ताई, दोन मुले आणि सासूबाई. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने २०१६ मध्ये त्यांचे उत्पन्न महिना ६,००० रुपये धरले, स्वतःच्या खर्चापोटी चौथा हिस्सा वजा केला, उरलेल्या वार्षिक रकमेला वयानुसार १५ चा गुणक लावला (म्हणजे १५ ने गुणले) आणि अवलंबित्वाच्या नुकसानीचे ८,१०,००० रुपये ठरवले. रक्कम कमी वाटली, तरी आम्ही गप्प बसलो. विमा कंपनी मात्र गप्प बसली नाही. अपघातात दाजींचीही निम्मी चूक होती असा मुद्दा घेऊन तिने मोटार वाहन अधिनियमाच्या कलम १७३ खाली अपील केले आणि त्याची नोटीस २०१८ च्या सुरुवातीला घरी आली. मंजूर झालेलेही आता हातचे जाणार, याच धास्तीने आम्ही या कार्यालयात गेलो.

पहिल्याच भेटीत वकीलसाहेबांनी निकालपत्र शेवटपर्यंत वाचले आणि त्याच्याच पाठकोऱ्या पानावर हिशेब मांडला. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ऑक्टोबर २०१७ मध्ये प्रणय सेठी प्रकरणात असे ठरवले होते की, मृत व्यक्ती स्वतःच्या कष्टावर कमावणारी आणि चाळिशीच्या आतली असेल, तर भविष्यातील उत्पन्नवाढीसाठी ४० टक्के रक्कम मिळवली पाहिजे. ती मिळवताच, उत्पन्न ६,००० रुपयेच ठेवले तरी, आकडा ११,३४,००० वर जात होता. ज्या ठेकेदाराकडे दाजी काम करीत, त्याची साक्ष पावत्या नाहीत म्हणून न्यायाधिकरणाने बाजूला ठेवली होती. ती ग्राह्य धरून उत्पन्न ८,००० मानले गेले, तर १५,१२,००० होत होते. आम्हाला हे कोणी सांगितलेच नव्हते. स्वतंत्र अपिलाची ९० दिवसांची मुदत केव्हाच उलटली होती, पण कंपनीच्याच अपिलात नोटीस मिळाल्यापासून महिन्याच्या आत क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे त्याच अपिलात आपलीही हरकत, दाखल करता येते आणि कंपनीने पुढे अपील मागे घेतले तरी ते टिकते, हे त्यांनी ताईला समजेल अशा भाषेत सांगितले. मसुदा आठ दिवसांत तयार झाला. गावाकडे एकाने ‘मिळेल त्याच्या वीस टक्के’ अशी बोली केली होती. निकालावर अवलंबून फी ठरवण्यास किंवा मिळालेल्या रकमेत वाटा घेण्यास बार कौन्सिलचे नियम मनाई करतात, हे आम्हाला इथेच कळले. या कार्यालयाने ठरावीक फी तीन हप्त्यांत घेतली आणि प्रत्येक हप्त्याची पावती दिली.

तक्रार आहे ती नंतरच्या काळाची. अपील दाखल करताना कायद्याने कंपनीला २५,००० रुपये किंवा निम्मी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती भरावी लागते. परंतु वसुलीला स्थगिती देताना न्यायालयाने संपूर्ण रक्कम व्याजासह जमा करायला लावली होती. अर्ज केला असता, तर त्यातील काही भाग ताईला अपील चालू असतानाच काढता आला असता. रक्कम जमा झाल्याचे कार्यालयाला ठाऊक होते, आम्हाला नव्हते. अकरा महिने कोणी सांगितले नाही आणि त्याच काळात थोरल्या भाचीच्या अकरावीच्या प्रवेशासाठी ताईने पतसंस्थेकडून व्याजाने कर्ज उचलले. मी उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर आमचा प्रकरण क्रमांक घालून पाहिला, तेव्हा प्रकरण दोनदा बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येऊन गेल्याचेही समजले. फोन केला की ज्युनियर वकील ‘साहेब कोर्टात आहेत’ एवढेच सांगत आणि तारखेचा निरोप कधीच येत नसे. अखेर मी स्वतः मुंबईला जाऊन बसलो, तेव्हा अर्ज दोन दिवसांत तयार झाला आणि निम्मी रक्कम काढण्याची परवानगी मिळाली. मुलांचा वाटा मात्र ती सज्ञान होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश झाला, तो योग्यच होता.

अंतिम सुनावणी २०२३ मध्ये झाली. निम्म्या चुकीचा मुद्दा घटनास्थळाच्या पंचनाम्यावरूनच कसा टिकत नाही, हे वकीलसाहेबांनी पंधरा मिनिटांत दाखवून दिले. त्या पंधरा मिनिटांसाठी त्यांना पूर्ण गुण द्यायला मी तयार आहे. कंपनीचे अपील फेटाळले गेले, उत्पन्न ८,००० धरले गेले आणि पहिल्या दिवशी पाठकोऱ्या पानावर लिहिलेला आकडाच निकालात आला. सही-शिक्क्याची नक्कल मिळवून वाढीव रकमेची वसुली साताऱ्यात सुरू करायला पुन्हा पाच महिने गेले आणि तेव्हाही पाठपुरावा आम्हालाच करावा लागला.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाल्याने सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गातील दावेदारांना अशा कामासाठी मुंबई गाठण्याची गरज उरलेली नाही. तरीही अपील लढवण्यासाठी मी पुन्हा याच कार्यालयाकडे जाईन. मात्र वकीलपत्रावर सही करतानाच जमा रक्कम काढण्याच्या अर्जावरही सही करून देईन आणि तारखा स्वतः पाहीन. पाचपैकी साडेतीन.