आध्यात्मिक जिनोग्राम: साधन चांगलं, पण घाई चालत नाही

आध्यात्मिक जिनोग्राम हे कुटुंब-समुपदेशनातलं साधन म्हणजे घरातल्या किमान तीन पिढ्यांचा नकाशा. पुरुषाला चौकोन, बाईला वर्तुळ, भांडणाला करवती रेघ, दुराव्याला तुटक. त्यावर वेगळ्या रंगानं श्रद्धा: वारी कुणाची, तुळजापूरचा नवस कुणी बोलला, माळ कुणी घातली नि कुणी उतरवली. मराठवाड्यात खरी गोम इथंच! मुलानं माळ घातली की घरात मटण बंद. त्याचं सोवळं सांभाळायचं मात्र सुनेनं. भांडण देवाचं दिसतं, असतं कामाच्या वाटणीचं.

मोठा तोटा: सासूसमोर विचारलं तर सून माहेरचा कुळाचार सांगत नाही, अर्धा कागद कोरा राहतो. तिला आधी एकटीला बसवा. अंगात येण्याला लगेच आजाराची खूण लावू नका. एकाच बैठकीत उरकलं, तर हाती नुसती वंशावळ येते.