पहिलीत कुठे घालायचं? पालिकेची शाळा, गल्लीतली इंग्रजी शाळा की लॉटरी

मला दोन मुलं. मोठी मुंबईतल्याच एका खासगी इंग्रजी शाळेत आठवीला, धाकटा महानगरपालिकेच्या मराठी शाळेत पाचवीला. दोघांत तीन वर्षांचं अंतर आणि मधे सासूबाईंशी झालेलं एक मोठं भांडण. त्यामुळे जानेवारी उजाडला की इमारतीतली कुणी ना कुणी चहाला येते आणि कप खाली ठेवता ठेवता विचारते, "ताई, आमच्याला कुठे घालू?" मी शिक्षिका नाही, एका सीएच्या ऑफिसात हिशेब लिहिते. पण दोन्हीकडच्या पालकसभांना बसलेली आहे, म्हणून जे पाहिलं ते सांगते.

मुंबईत माझ्यासारख्या पगारावर जगणाऱ्या घरापुढे साधारण चार वाटा असतात. पालिकेची नेहमीची शाळा (मराठी, हिंदी, उर्दू, गुजराती, तमिळ, तेलुगू, कन्नड किंवा इंग्रजी माध्यमाची), पालिकेचीच पण सीबीएसईची, गल्लीतली विनाअनुदानित इंग्रजी शाळा, आणि आरटीईच्या, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याच्या, 25 टक्के राखीव जागांतून मोठ्या खासगी शाळेत मोफत जागा. जवळ चांगली अनुदानित शाळा असेल तर ती पाचवी वाट. ती मिळत असेल तर पुढचं वाचू नका, आजच जाऊन फॉर्म आणा.

एका इमारतीत चार शाळा

पालिकेच्या शाळेबद्दल बाहेरच्यांना एक गोष्ट कळत नाही. इमारत एक असते, शाळा तीन-चार असतात. तळमजल्यावर उर्दू, पहिल्यावर मराठी, दुसऱ्यावर हिंदी, प्रत्येकीचे मुख्याध्यापक वेगळे, पट वेगळा, कधी सकाळ-दुपारचं सत्रही वेगळं. "ती अमक्या नाक्यावरची शाळा एकदम बेकार आहे" असं कुणी म्हणालं की मी विचारते, कुठल्या मजल्यावरची? बहुतेकांना सांगता येत नाही.

शिक्षकांचं म्हणाल तर पालिकेचे कायम शिक्षक डीएड झालेले, नव्यांना तर टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षाही लागते. पगार वेतन आयोगाचा, त्यामुळे ते टिकतात. बदली झाली तरी पालिकेच्याच दुसऱ्या शाळेत. गल्लीतल्या शाळेत पगाराचं विचारायची सोय नाही, पण अंदाज येतो. मोठी दुसरीत असताना एका वर्षात तिला तीन वर्गशिक्षिका झाल्या. एकीला लग्नानंतर पनवेलहून येणं जमेना, दुसरीला बँकेत नोकरी लागली. तिसरी खरंच चांगली होती, पण तोवर फेब्रुवारी उजाडला होता.

पालिकेच्या शिक्षकांची अडचण वेगळी. शिक्षण हक्क कायद्याने शिक्षकांना बिगरशैक्षणिक कामांना जुंपायला मनाई केली आहे, पण जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक यांना सूट ठेवली आहे. मुंबईत निवडणुका थोड्या नसतात. शिवाय मराठी शाळांचा पट इतका घटलाय की काही ठिकाणी दोन इयत्ता एकाच बाईंपुढे बसतात. कायद्यात प्राथमिकला तीस मुलांमागे एक शिक्षक असं प्रमाण आहे. वर्गात बारा मुलं दिसली म्हणून लगेच खूश होऊ नका, त्यातली सहा तिसरीची आणि सहा चौथीची असू शकतात.

खर्च

हा माझा विषय, म्हणून थोडी थांबते. मोठीच्या पहिलीच्या वर्षाचा हिशेब माझ्या वहीत अजून आहे. फी महिना 1,800, म्हणजे 21,600. टर्म फी आणि "ॲक्टिव्हिटी" मिळून 6,000. पुस्तकं शाळेनेच नेमून दिलेल्या दुकानातून, 4,500. गणवेश, पीटीचा वेगळा गणवेश, बूट, 2,800. व्हॅन दहा महिने 900 प्रमाणे 9,000. आणि शिकवणी, दहा महिने 800 प्रमाणे 8,000. एकूण 51,900. घरातून निघताना आम्ही मात्र "अठराशे रुपये फी आहे, जमेल" एवढंच बोललो होतो.

शेवटची रक्कम पुन्हा बघा. पहिलीतल्या मुलीला शिकवणी का लागली? कारण वहीत लिहून आलेला अभ्यास इंग्रजीत, आणि आमच्या घरात संध्याकाळी सात वाजता तो वाचून समजावू शकेल असं कुणी नव्हतं. माझे मालक रात्री दहाला येतात. मी वाचू शकते, पण "व्हॉट इज अ नाउन" हे सहा वर्षांच्या पोरीला कसं सांगायचं ते मला येत नव्हतं. म्हणजे शाळेला पैसे देऊन शिकवण्याचं काम आम्ही शेजारच्या बिल्डिंगमधल्या मिसकडे सोपवलं होतं.

धाकट्याला फी नाही. 2007 पासून पालिका मुलांना 27 शालोपयोगी वस्तू देते. दप्तर, वह्या, गणवेश, बूट, पावसाळी सामान असं सगळं त्यात येतं. बालभारतीची पुस्तकंही मोफत. दुपारचं जेवणही शाळेतच. पहिली ते पाचवीच्या मुलाला 450 कॅलरी आणि 12 ग्रॅम प्रथिनं, सहावी ते आठवीला 700 कॅलरी आणि 20 ग्रॅम, असं ठरलेलं प्रमाण आहे. नोकरी करणाऱ्या आईला त्या खिचडीची किंमत विचारा. विनाअनुदानित शाळेत ही योजना नाही. तिथे सकाळी सहाला उठून दोन डबे, आणि डब्यात मॅगी दिली की डायरीत लाल शेरा.

शिकणं

आता खरा मुद्दा. मोठी तिसरीत असताना तिची ईव्हीएसची (परिसर अभ्यासाची) वही बघण्यासारखी होती. वळणदार अक्षर, लाल शाईत "गुड". एका पानावर लिहिलं होतं की वनस्पती सूर्यप्रकाशात अन्न तयार करतात, पण अर्थात इंग्रजीत. मी विचारलं, म्हणजे काय गं? तिने तेच वाक्य पुन्हा म्हणून दाखवलं. मराठीत सांग म्हटलं तर म्हणाली, "मिसने मराठीत नाही सांगितलं." फळ्यावरून वहीत, वहीतून पेपरात, आणि पेपरात 18 पैकी 17.

धाकटा दुसरीत असताना आम्ही बसस्टॉपवर उभे होतो. तो येणाऱ्या प्रत्येक बसची पाटी मोठ्याने वाचत होता, मग भिंतीवरची जाहिरात, मग मूळव्याधीवर हमखास उपचाराचं पोस्टर. मला लाज वाटली, पण त्याच दिवशी मला कळलं की याला वाचता येतं. त्याची वही गचाळ आहे आणि इंग्रजी कच्चं आहे, हेही सांगते. पाचवीत तो इंग्रजी वाक्य वाचतो, बोलायला मात्र घाबरतो. मोठी इंग्रजीत फटाफट बोलते. नातेवाईकांसमोर दोघांना उभं केलं तर मोठीच जिंकते. सासूबाईंचा सगळा मुद्दा तोच होता.

ज्यांना इंग्रजी हवं आहे आणि समजणंही हवं आहे, त्यांना पालिकेत सेमी-इंग्रजीची सोय आहे. गणित, आणि पुढे विज्ञान, इंग्रजीतून आणि बाकी मराठीतून. राज्यात 2000 सालापासून मराठी शाळेतही पहिलीपासून इंग्रजी विषय आहेच. सगळ्याच शाळांत सेमीचा वर्ग असतो असं नाही. चौकशी करा.

दहावीच्या निकालावरून शाळा ठरवणाऱ्यांना मी एकच उदाहरण देते. पालिकेच्या शाळांचा दहावीचा निकाल 2019 ला जेमतेम 53 टक्के लागला आणि 2020 ला 93 च्या वर गेला. वर्षभरात शिक्षक बदलले नाहीत, भिंतीही त्याच. 2019 ला अंतर्गत गुण काढले होते, पुढच्या वर्षी परत दिले. राज्याचा निकालही तसाच 77 वरून 95 वर उडाला. गेटवर लावलेल्या फ्लेक्सवरचा आकडा बघताना एवढं ध्यानात असू द्या.

मग बघायचं काय? तिसरीतल्या मुलांचं वाचन. 'प्रथम' संस्था (ती मुंबईच्याच वस्त्यांमधल्या बालवाड्यांतून वाढली) 2005 पासून 'असर' पाहणीत एक साधी पट्टी वापरते. मूल अक्षर ओळखतं का, शब्द वाचतं का, पहिलीच्या पातळीचा उतारा वाचतं का, दुसरीच्या पातळीची गोष्ट वाचतं का. ही पाहणी ग्रामीण भागासाठी आहे, म्हणून आपल्या वॉर्डाचा आकडा तिच्यात सापडणार नाही. पण पट्टी कुणीही वापरू शकतं. मी धाकट्याच्या प्रवेशाआधी हेच केलं. दोन्ही शाळांतली तिसरीची तीन-तीन मुलं वस्तीतच राहतात. त्यांना घरी बोलावलं, बिस्किटं दिली आणि दुसरीच्या पुस्तकातली गोष्ट पुढे ठेवली. पालिकेच्या तिघांपैकी दोघांनी मराठी गोष्ट वाचून सांगितली, तिसरा शब्दांवर अडला. इंग्रजी शाळेतल्या तिघांनी इंग्रजी गोष्ट वाचली, झरझर वाचली, आणि गोष्टीत काय झालं ते एकीलाच सांगता आलं. सहा मुलं म्हणजे काही संशोधन नव्हे. माझं भांडण मिटायला मात्र तेवढी पुरली.

संशोधन हवं असेल तर तेही आपल्याच शहरातलं आहे. 2001 च्या सुमारास मुंबई आणि वडोदऱ्याच्या पालिका शाळांत 'बालसखी' हा प्रयोग झाला. वस्तीतलीच शिकलेली मुलगी तिसरी-चौथीतल्या मागे पडलेल्या मुलांना रोज साधारण दोन तास वेगळं बसवून त्यांना येत असेल तिथून पुढे शिकवायची. गुण वाढले, आणि सगळ्यात जास्त वाढले ते सगळ्यात मागे असलेल्यांचे. हा प्रयोग तपासणाऱ्यांत अभिजित बॅनर्जी आणि एस्थर डफ्लो होते, ज्यांना पुढे 2019 चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. म्हणून शाळेत गेल्यावर मी स्मार्ट बोर्डाचं विचारत नाही. "मागे पडलेल्या मुलांचं काय करता?" एवढंच विचारते. "पालकांनी लक्ष द्यायला हवं" असं उत्तर आलं की नमस्कार करून बाहेर पडावं.

लॉटरीच्या दोन वाटा

पालिकेने 2020 पासून सीबीएसईच्या शाळा काढल्या. पहिली जोगेश्वरीला पूनमनगरची, पुढे मुलुंड मिठागर, विक्रोळी हरियाली व्हिलेज वगैरे. फी नाही, पुस्तकं-गणवेश पालिकेचे, आणि अर्ज इतके की चिठ्ठ्या काढाव्या लागतात. नंबर लागला तर घ्यावी असं माझं मत. फक्त दोन गोष्टी तपासा. वर्गशिक्षक कायम आहेत की कंत्राटी, आणि गृहपाठ घरात कोण घेणार. सीबीएसई झाली तरी संध्याकाळी सातचा प्रश्न तसाच राहतो, फक्त 51,900 वाचतात.

आरटीईची जागा दिसते सोन्यासारखी. दुर्बल गटासाठी वार्षिक उत्पन्न एक लाखाच्या आत असल्याचा दाखला लागतो, वंचित गटाला (अनुसूचित जाती-जमाती, ओबीसी वगैरे) उत्पन्नाची अट नाही. शाळेपासून एक किलोमीटरच्या आतल्यांना आधी जागा. 2024 मध्ये सरकारने नियम बदलून सरकारी किंवा अनुदानित शाळा जवळ असेल तर खासगी शाळांना यातून वगळलं होतं. त्या जुलैत मुंबई उच्च न्यायालयाने तो बदल रद्द केला, म्हणून ही वाट अजून उघडी आहे. पण मोफत आहे ते आठवीपर्यंत. नववीत पूर्ण फी सुरू होते, आणि ती शाळा तुमच्या ऐपतीची नसते म्हणून तर तुम्ही लॉटरीत होता. आमच्या मजल्यावरच्या एका मुलाने नववीत शाळा बदलली, मित्र सुटले, वर्षभर गप्प होता. अर्ज भरतानाच नववीचा विचार करून ठेवा.

तसाच प्रश्न पालिकेतही येतो. बऱ्याच प्राथमिक शाळा सातवी-आठवीला संपतात. पुढची माध्यमिक कुठे आहे आणि तिथे जाताना मोठा रस्ता ओलांडावा लागतो का, ते आजच विचारा.

मग कोणी कुठे

घरात रोज कुणी इंग्रजीतून अभ्यास घेऊ शकत असेल आणि वर्षाला पन्नास-साठ हजार उसनवारी न करता निघत असतील, तर गल्लीतली इंग्रजी शाळा चालेल. मात्र तिला मान्यता आहे का ते बघा. अकरा आकडी यूडायस नंबर, म्हणजे सरकारी नोंदीतला शाळेचा क्रमांक, मागा. पालिका अनधिकृत शाळांची यादी जाहीर करते, ती चाळा. अशा शाळेचा दाखला पुढे गळ्यात अडकतो.

घरात मराठी बोलली-वाचली जात असेल, आई-वडील दोघं कामावर असतील, तर चांगल्या मजल्यावरची पालिकेची मराठी शाळा, सेमी मिळाली तर सेमी. हे मी स्वस्त म्हणून सांगत नाही. वाचलेले पन्नास हजार मी मोठीच्या शिकवणीत घालते, एवढी काही मी संत नाही. पण धाकटा रात्री जेवताना शाळेत काय शिकवलं ते आजीला सांगतो, आजी त्याच्या चुका काढते, आणि दोघं भांडतात. मोठीच्या अभ्यासावर तिच्याशी भांडायला आमच्या घरात कुणी नाही.

शेवटी कागदपत्रं. राज्यात पहिलीसाठी 31 डिसेंबरला सहा वर्षं पूर्ण हवीत. जन्मदाखला आणि आधार समोरासमोर धरून नावातलं अक्षर न् अक्षर जुळवा, वडिलांच्या नावासकट. धाकट्याच्या दाखल्यावर इंग्रजीत दोन 'ए' आहेत, आधारवर एक. त्या एका 'ए'पायी मी सेतू केंद्राच्या चार खेपा घातल्या आहेत आणि पाचवी येत्या शनिवारी आहे.