पाणबगळा नाव, दहा महिन्यांनंतर : खानदेशच्या उन्हात तळ का उघडतो

मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात, चांगदेवला तापी-पूर्णेच्या संगमाजवळ हतनूर धरणाच्या फुगवट्यावर मी आमची पाणबगळा, म्हणजे गरम हवेच्या घुमटाखाली उडणारी आणि केळी वाहणारी लाकडी नाव, उतरवली आणि दोन-तीन मिनिटांतच घडांखाली अंथरलेली केळीची वाळलेली पाने तरंगू लागली. चौथ्या आणि पाचव्या फळीच्या मधून सुतासारखी धार आत येत होती. काठ गाठेपर्यंत मी आणि धाकट्या भावाने १३ बादल्या पाणी उपसले. तरीही खालच्या थरातले घड गढूळ पाण्यात बुडाले आणि नवतीच्या (चांगल्या मालाच्या) भावाने जाणारा तो माल वापसीच्या (नाकारलेल्या मालाच्या) भावाने द्यावा लागला. नाव घेऊन तेव्हा जेमतेम चार महिने झाले होते.

घुमटाबद्दल, त्यातली हवा तापवणाऱ्या शेगडीबद्दल आणि मागच्या पंख्याबद्दल माझी काहीही तक्रार नाही. पऱ्हाटीच्या (कपाशीच्या वाळलेल्या झाडांच्या) कांड्यांवर शेगडी उत्तम चालते आणि इंधन घरचेच असल्याने खर्च मजुरीपुरताच येतो. ट्रकमध्ये रस्त्याचे धक्के खाऊन घडांची साल काळी पडत असे, तो त्रास पूर्ण थांबला. उन्हाळ्यात वजन कमी उचलते ही तक्रार बरेच जण करतात, पण तो नावेचा दोष नव्हे. घुमटातली हवा बाहेरच्या हवेपेक्षा जितकी हलकी, तितकेच वजन उचलले जाणार. चार हजार घनमीटरच्या घुमटात १०० अंशांची हवा असेल, तर हिवाळ्यात पहाटे १५ अंशांना सुमारे ११०० किलो उचलले जाते आणि मे महिन्यात भर दुपारी ४५ अंशांना सुमारे ६५० किलो. त्यातले ५०० किलो नाव, शेगडी, कांड्या आणि दोन माणसे यांतच संपतात. म्हणून उन्हाळ्यात मी फक्त पहाटे, पारा २८ च्या आसपास असतानाच उडतो आणि ४०० किलोंच्या वर माल भरत नाही.

खरा प्रश्न तळाचा आहे, आणि तो मी सविस्तर मांडतो, कारण रावेर, यावल, चोपडा या पट्ट्यात ही नाव घेऊ पाहणाऱ्या प्रत्येकाला तो येणार आहे. लाकडी होडी सतत पाण्यात असते, म्हणून तिच्या फळ्या फुगून सांधे आपोआप घट्ट राहतात. उडती नाव मात्र दिवसातून अर्धा तास पाण्यात आणि उरलेला वेळ हवेत किंवा काठावर असते. कोकणातल्या दमट हवेत त्याने फारसे बिघडत नसेल. आमच्याकडे मार्च उजाडला की हवा इतकी कोरडी होते की लाकूड दिवसागणिक आकसते. शिवाय कारखान्याने किंमत कमी ठेवण्यासाठी तळाला सागवानाऐवजी आंब्याची फळी लावली आहे, आणि आंबा सागवानापेक्षा जास्त आकसतो. त्या दिवशी नाव काठावर ओढल्यावर मी सांध्यात रुपयाचे नाणे धरले, तर ते सहज आत गेले.

कारखान्याला मी तीन पत्रे लिहिली. नाव दोन दिवस पाण्यात बुडवून ठेवा, एवढेच उत्तर आले. तसे केल्यावर गळती थांबली हे खरे, परंतु वजनकाट्यावर २८० किलोंचा कोरडा सांगाडा ३२२ किलो भरला. ४२ किलो म्हणजे दर फेरीला दोन मोठे घड कमी, आणि हे नुकसान पुस्तिकेत कुठेही लिहिलेले नाही. त्यांचा मिस्त्री आला तो ऑगस्टमध्ये, म्हणजे महिना-दीड महिन्याच्या पावसाने सांधे मिटल्यानंतर. त्याने तळावर हात फिरवला, दोष नाही असे लिहून दिले आणि भेटीचे ८०० रुपये घेतले. ते पैसे आजही माझ्या मनाला लागतात, कारण मे महिन्यात या असे मी पहिल्याच पत्रात स्पष्ट कळवले होते.

इथवरचा मजकूर मी सप्टेंबरमध्ये लिहून ठेवला होता आणि त्यात सगळा दोष कारखान्याला दिला होता. ऑक्टोबरच्या उन्हाने सांधे पुन्हा उघडू लागले, तेव्हा तापीवर आयुष्यभर होडी चालवलेल्या आमच्या गावच्या एका भोईबाबांना मी नाव दाखवली. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, “भाऊ, शेवटची फेरी कधी केली होती?” मी सांगितले, नऊ दिवसांपूर्वी. मग मला आठवले की मे महिन्यातल्या त्या उतरण्याआधीही लग्नसराईमुळे नाव आठवडाभर पत्र्याच्या शेडमध्ये कोरडी पडून होती. ते म्हणाले, “एकदम बुडवू नका. रोज रात्री थोडं थोडं पाजा.”

तेव्हापासून संध्याकाळी तळावर आतून गोणपाट अंथरतो, त्यावर चार बादल्या पाणी ओततो आणि पहाटे गोणपाट काढून तळ फडक्याने पुसून घेतो. तीन आठवड्यांनी नाव पुन्हा वजनकाट्यावर घेतली. वजन कोरड्यापेक्षा फक्त ११ किलोंनी वाढले होते. नाणे आता सांध्यात शिरत नाही, आणि एका फेरीत आत येणारे पाणी तांब्याभराच्या वर जात नाही. दोन्ही कडांच्या सांध्यांत तेल आणि राळेत भिजवलेला कापूस मी स्वतः ठोकून घेतला. त्याला दीडशे रुपयांच्या आत खर्च आला.

त्यामुळे नाव विकण्याचा विचार मी सोडला आहे. कांदेबागेचा (पावसाळ्यानंतर लावलेल्या केळीचा) माल निघेल तेव्हा तीच वापरणार आहे. तळाच्या मधल्या चार फळ्या सागवानाच्या बसवून मिळतील का, आणि बसवल्यास वजनात किती फरक पडेल, हे मी कारखान्याला चौथ्या पत्राने विचारले आहे. त्याच पत्रात ८०० रुपयांची पावतीही जोडली आहे.