‘ताई, तुम्ही फक्त खोली मोकळी करा’

गेल्या जानेवारीत कोंबडीची दोनशे गावरान पिल्लं घेतली. विकणारा म्हणाला, "तूस, चिक गार्ड, बल्ब, सगळं आमचं. दोन तासांत ब्रूडर तयार." ब्रूडर म्हणजे पिल्लांना उबेत ठेवायची जागा. पिल्लांसकट अकरा हजार, रोख.

माणूस कामाचा वाटला, हे खोटं का सांगू! भराभर चिक गार्ड म्हणजे पत्र्याचं रिंगण उभं केलं, तूस पसरलं, वर वर्तमानपत्र, मधे चार बल्ब. "शंभरचे आहेत, ताई." थर्मामीटरही टांगला, ३५ अंश दाखवत होता. पहिल्या आठवड्यात तेवढंच लागतं हे मला माहीत होतं. आकडा बघितला आणि पैसे देऊन मोकळी झाले.

रात्री अकरा वाजले तरी पिल्लांचा कलकलाट थांबेना. सगळी बल्बांखाली एकमेकांच्या अंगावर चढलेली. सासूबाईंनी कागद सारून तुसावर पालथा हात ठेवला. "अगं, हे गार पडलंय. ओलंही आहे."

थर्मामीटर माझ्या कमरेच्या उंचीवर, बल्बाला खेटून होता. तोच पिल्लांच्या पाठीशी धरला, तर २३! बल्ब काढून पदराने पुसला, तेव्हा काचेवरचा छाप दिसला: ४०. थंडीत पिल्लामागे दोन वॅट धरतात, म्हणजे चारशे हवे होते. होते एकशेसाठ. उरलेलं पोतं उपडं केलं, तर वरचं तूस कोरडं, तळाचं भिजकं, बुरशीचा वास मारणारं.

शेगडी पेटवून खोली तापवली, पण सकाळपर्यंत ३७ पिल्लं दबून गेली होती. फोन केला तर म्हणे, "थोडी मरतूक धरायचीच असते." दुसऱ्या दिवसापासून फोन बंद. बिल म्हणून हातात आहे वहीचा एक कागद: 'पिल्लं २००, पोच'. ना नाव, ना पत्ता.

उरलेली मोठी झाल्यावर कळलं, गावरान एकही नाही. सगळे अंड्याच्या जातीचे नर, हॅचरीत, म्हणजे अंडी उबवणी केंद्रात, कवडीमोलाने मिळणारे. गावरानात काळी, तपकिरी, पट्ट्यांची अशी सरमिसळ असते. ही झाडून सारी पिवळी होती, तेव्हाच खटकायला हवं होतं.

कुणी असं पॅकेज घेऊन दारात आलं तर ब्रूडर आदल्या दिवशीच लावून मागा. चोवीस तास चालू ठेवा आणि तुसालगतचं तापमान ३५ टिकतंय का ते बघा. पोत्यात कोपरापर्यंत हात घाला. पैसे त्यानंतर.

ते चार बल्ब आता गोठ्यात लावलेत.