गाजर, रताळी आणि पाकाची झिलई: गॅसवर करावी की ओव्हनमध्ये?

गाजरं असतील आणि जेवायला चार-पाच माणसं असतील, तर गॅसवर करा. रताळी असतील तर ओव्हनमध्ये, नाहीतर आपल्या उपासाच्या पद्धतीने तुपावर. दहा-बारा जणांचं जेवण असेल तर भाजी कोणतीही असो, ओव्हनच लावा. माझं उत्तर एवढंच आहे. पण ते असं का, हे कळलं तर घरातलं भांडं आणि पिशवीतली भाजी बघून तुम्हाला स्वतःलाच ठरवता येईल, म्हणून सविस्तर लिहितो.

ग्लेझ्ड, म्हणजे चमकदार झिलई चढवलेल्या, भाज्यांचं हे तोंडीलावणं फ्रेंच स्वयंपाकातून जगभर गेलं. बहुतेकांना वाटतं की वरची चमक साखरेची आहे, म्हणून चमक आली नाही की ते साखर वाढवतात आणि भाजीचा मुरंबा होतो. खरं तर अर्धा किलो गाजरांना एक सपाट मोठा चमचा साखर पुरते. चमक येते ती भाजीतून उतरलेला रस, ती थोडी साखर आणि बटर एकत्र आटून. पाणी दोन-तीन चमच्यांवर आलं की बटरचे बारीक थेंब त्या दाट रसात अडकून राहतात आणि प्रत्येक तुकड्याला पातळ पापुद्र्यासारखे लपेटतात. म्हणजे सगळा खेळ पाण्याचा आहे. किती घातलं, किती वेळात आटलं आणि कुठे थांबलात, यावर सगळं ठरतं. गॅस आणि ओव्हन यांच्यातला मूळ फरकही हाच. गॅसवर पाणी तुमच्या डोळ्यांसमोर आटतं, ओव्हनमध्ये ते भाजीच्या आतून निघून जातं.

गॅसची पद्धत

अर्धा किलो केशरी गाजरं सोलून तिरकी कापा, बोटाच्या पेराएवढी जाड. सगळे तुकडे सारख्या आकाराचे हवेत, नाहीतर बारीक टोकं गळून जातात आणि जाड बुडखे कच्चे राहतात. भांडं पसरट हवं, सपाट बुडाची लंगडी किंवा २६ सेंटिमीटरचा पॅन. कढई नको. तिच्या गोल बुडात पाणी मधोमध साचतं आणि कडेचे तुकडे कोरडे पडतात. तुकडे एका थरात मावले पाहिजेत. त्यावर ३० ग्रॅम बटर, एक चमचा साखर आणि तुकडे अर्धे बुडतील इतकं पाणी घाला. मीठ आत्ता अजिबात नको. आपल्याकडचं पिवळं बटर आधीच खारट असतं आणि पाणी आटलं की सगळा खारटपणा गोळा होतो. शेवटी चव बघून घाला.

फ्रेंच आचारी यावर मध्ये भोक पाडलेला गोल कागद ठेवतात. त्यामुळे वाफ आत खेळते, गाजर शिजतं आणि त्याच वेळी थोडी थोडी वाफ निसटून पाणीही आटत जातं. आपण झाकणावर पाणी ठेवतो ते नेमकं याच्या उलट आहे. थंड झाकणाला लागलेली वाफ पाणी होऊन पुन्हा भाजीत पडते आणि भाजी स्वतःच्या रसात शिजते. भेंडी-गवारीसाठी ती युक्ती उत्तम, इथे मात्र झिलईच्या मुळावर येते. बटर पेपर नसेल तर झाकण थोडं तिरकं ठेवा.

आठ-दहा मिनिटांनी सुरी थोड्या जोराने आत जायला लागली की झाकण काढा आणि आच मोठी करा. पुढची चार-पाच मिनिटं गॅससमोरून हलू नका. बुडबुडे आधी बारीक आणि पाणीदार असतात, मग मोठे आणि जड होतात, आवाजही बदलतो. तिथे चमचा न घालता भांडंच हलवा. तुकडे एकमेकांवर घरंगळू लागले आणि तळाशी पाकाची रेघ उरली की गॅस बंद.

हे सगळं दुरुस्त करता येतं, म्हणूनच पहिल्यांदा करणाऱ्याला मी गॅसच सुचवतो. पाणी संपलं आणि गाजर कच्चं असेल तर पाव वाटी गरम पाणी घाला. गाजर शिजलं आणि पाणी उरलं असेल तर तुकडे बाहेर काढून नुसता रस आटवा आणि मग ते परत टाका. जास्त आटून बटर सुटलं, तुकडे चमकायच्या ऐवजी तेलकट दिसू लागले, तर एक चमचा पाणी शिंपडून भांडं जोरात हलवा. फुटलेली झिलई दहा सेकंदांत पुन्हा एकजीव होते. ओव्हनमध्ये अशी दुसरी संधी सहसा मिळत नाही.

लिंबाबद्दल एक गोष्ट. आंबट पदार्थामुळे भाजी मऊ व्हायला वेळ लागतो, म्हणून लिंबाचा रस गॅस बंद केल्यावरच घाला. उलट क्षारामुळे ती लवकर गळते. फ्रान्समधल्या विशी या गावाच्या झऱ्यांचं पाणी क्षारयुक्त आहे, त्यात सोड्याचा अंश असतो, आणि त्या पाण्यात शिजवलेली गाजरं गावाच्याच नावाने ओळखली जातात. म्हणून घरी खायचा सोडा टाकायचा मोह होतो. चिमूट थोडी जास्त झाली तरी गाजराचा लगदा होतो, तेव्हा तो टाळाच.

ओव्हनची पद्धत

ओव्हनमध्ये पाणी घालायचंच नसतं. अर्धा किलो भाजीला दोन चमचे तेल आणि मीठ चोळून, तुकडे एकमेकांना न टेकता ट्रेमध्ये पसरायचे, २०० अंशांवर २५ ते ३० मिनिटं भाजायचे आणि अर्ध्यावर उलटायचे. भाजीतलं पाणी उडतं, तुकडा आकसतो, कडा तपकिरी होतात. चव गॅसपेक्षा खोल आणि खमंग येते, हे मान्य करायलाच हवं. चमक मात्र कमी. ओव्हनमधली झिलई काचेसारखी न दिसता चिकट आणि डागाळलेली दिसते. ज्यांना भाजका वास आवडतो त्यांना हीच आवडेल.

गोड घालायची वेळ इथे सर्वात महत्त्वाची. माझ्या पहिल्या प्रयत्नात मी मध सुरुवातीलाच चोळला. १५ मिनिटांत कडा काळ्या झाल्या, आतून गाजर कच्चं, आणि घरभर कडवट धूर. कारण साधं आहे. मधात फ्रुक्टोज भरपूर असतं आणि ते ११० अंशांच्या आसपास करपायच्या वाटेला लागतं, तर साध्या साखरेला साधारण १६० अंश लागतात. घरगुती ओटीजीत, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये, वरची कॉइल भाजीच्या अगदी जवळ असते, त्यामुळे पृष्ठभाग आणखी तापतो. म्हणून मध, गूळ, काकवी काहीही असो, शेवटच्या आठ मिनिटांतच घालायचं. त्याआधी थोडं बटर आणि चमचाभर पाण्यात पातळ करून घ्यायचं.

ट्रे भरगच्च भरू नका. लहान ओटीजीच्या ट्रेमध्ये अर्ध्या किलोपेक्षा जास्त भाजी कोंबली की ती भाजत नाही, नुसती उकडते. खर्चाचं म्हणाल तर दीड हजार वॅटचा ओटीजी पाऊण तास सलग तापत राहिला तरी एक युनिटच्या थोडं वर वीज जाते. वेळ जास्त लागतो, पण तो तुमचा नसतो. ट्रे आत गेला की तुम्ही कोशिंबीर करायला मोकळे. गॅसवरच्या गाजरांना शेवटची पाच मिनिटं पूर्ण तुमची लागतात, आणि पाहुणे दारात असताना ती पाच मिनिटं फार महाग असतात.

रताळ्याचा न्याय वेगळा

गाजराची गॅसवरची पद्धत रताळ्याला लावू नका. त्यात पिष्ट इतकं असतं की पाणी गढूळ होतं, काप कडेने विरघळतात आणि झिलईच्या जागी खळ तयार होते. दुसरीकडे रताळ्यात एक पाचक द्रव्य असतं, ते साधारण ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान पिष्टाची साखर करतं. रताळं या पट्ट्यातून जितकं हळू जाईल तितकं गोड होतं. मायक्रोवेव्हमध्ये झटपट शिजवलेलं रताळं सपक लागतं आणि निखाऱ्यात पुरलेलं मधासारखं लागतं, ते यामुळेच. म्हणून रताळ्यासाठी ओव्हन आधी तापवू नका. थंड ओव्हनमध्ये ठेवा आणि मग सुरू करा.

ओव्हन नसेल तर एकादशीला आणि महाशिवरात्रीला घरोघरी होतात ते रताळ्याचे गोड काप करा. हे आपलं झिलईचंच तोंडीलावणं आहे, आणि त्यात कुठे काही कमी पडत नाही. तुपावर जाडसर काप मंद आचेवर परतायचे, इथे मात्र झाकणावर पाणी ठेवून वाफ काढायची, काप शिजले की चिरलेला गूळ पेरायचा. गूळ स्वतःच पातळ होतो, वेगळं पाणी लागत नाही. दोनदाच उलटायचे, सारखं ढवळलं की मोडतात. वेलची आणि कणभर मीठ.

इथे तूप चालतं आणि गाजराला चालत नाही, याचं नवल वाटेल. बटरमध्ये पाणी आणि दुधाचे घटक असतात, ते स्निग्धांश रसात धरून ठेवायला मदत करतात. तूप कढवताना हे दोन्ही निघून जातं, त्यामुळे गाजराच्या पातळ रसात तूप वेगळं तरंगतं. रताळ्याच्या पिठूळ पृष्ठभागाला मात्र तूप आणि पाक दोन्ही धरून ठेवता येतात. गाजराला बटर, रताळ्याला तूप, यात मी तडजोड करत नाही.

गोडासाठी काय

साखर सर्वात स्वच्छ चमक देते आणि गाजराची चव झाकत नाही. गूळ रंग गडद करतो, पण रताळं आणि बीट यांच्या मातकट गोडीशी त्याचं चांगलं जमतं. त्यात खर असू शकते, म्हणून पाण्यात विरघळवून गाळून घ्या. महाबळेश्वरचा चांगला मध घरात असेल तर तो आटवण्यात घालवू नका, उष्णतेने त्याचा सुगंध जातो. गॅस बंद करून वरून एक चमचा घाला. ओव्हनसाठी माझी पसंती काकवीला आहे. ती आधीच पातळ असते, ब्रशने लावता येते, आणि तिची किंचित खारट-कडसर छटा भाजलेल्या कडांना शोभते. थंडीत गुऱ्हाळं चालू असतात तेव्हा कोल्हापूर-सांगलीकडून कुणी येणार असेल तर एक बाटली मागवून ठेवा.

बाकीच्या भाज्या

बीट आधी सालासकट कुकरमध्ये शिजवा, सोला, फोडी करा आणि गूळ, बटर, थोडा चिंचेचा कोळ यांत पाचच मिनिटं घोळवा. आंबटाने त्याचा रंग टिकतो. दुसऱ्या भाजीबरोबर एका भांड्यात नको, सगळं लाल होईल. सलगम कोवळा असेल तर गाजरासारखाच गॅसवर करता येतो, जून असेल तर कडू लागतो. इंग्लंडमध्ये राहणाऱ्यांना नाताळच्या दिवसांत पार्स्निप दिसतील, पांढऱ्या गाजरासारखे. थंडीने त्यांच्यातल्या पिष्टाची साखर होते. ते ओव्हनमध्येच करावेत, आणि मधला दांडा जाड असेल तर काढून टाकावा. हलव्याची लाल गाजरं केशरीपेक्षा रसाळ असतात, त्यामुळे पाणी कमी घाला आणि साखर निम्मी करा. सुरण आणि अळकुडी या कामाला नकोत.

कशाबरोबर वाढायचं हाही प्रश्न असतो. गॅसवरची बटरची गाजरं रोस्ट चिकन, कटलेट किंवा मटणाच्या सुक्याजवळ छान वाटतात. साध्या वरण-भाताबरोबर वाढायची असतील तर शेवटी किसलेलं आलं, मिरपूड आणि लिंबू घाला. आमटीत गूळ घालणाऱ्या घरांना ही चव परकी वाटत नाही. ओव्हनमधली काकवीची रताळी ताकातल्या पालेभाजीशेजारी मला फार आवडतात, आंबट आणि खमंग गोड एकत्र येतं.

आधी करून ठेवायचं असेल तर हिशोब बदलतो. ओव्हनची भाजी थंड झाली की चिकट होते आणि परत तापवल्यावर तिची कड पहिल्यासारखी राहत नाही, म्हणून ती जेवणाच्या वेळेलाच बाहेर आली पाहिजे. गॅसवरची गाजरं मात्र झाकण काढायच्या टप्प्यावर थांबवता येतात. सुरी जेमतेम आत जात असतानाच गॅस बंद करा, कारण उरलेल्या गरम पाण्यात ती आणखी थोडी शिजतात. तासाभरानेही चालेल. पानं मांडून झाली की आच मोठी करा, चार-पाच मिनिटांत झिलई चढते आणि गाजरं थेट ताटात जातात.