यूमे निक्की: बारा दारांखालचे थर

बोअर मारताना दर दहा फुटांना वर आलेल्या चुऱ्याचा एक ढीग बाजूला काढून ठेवायचा, हे काम मी सव्वीस वर्षं करतोय. कॉम्प्रेसर सुरू झाला की आधी मुरूम येतो, मग मांजऱ्या नावाचा मऊ खडक, मग काळा पाषाण. ढिगांची रांग लागली की जमिनीच्या पोटात काय आहे ते वाचता येतं. आत उतरून कुणी पाहिलेलं नसतं. दिवाळीच्या सुट्टीत मुलीनं घरच्या कॉम्प्युटरवर ‘यूमे निक्की’ टाकून दिला आणि म्हणाली, “बाबा, हा तुमच्यासारख्यांचा गेम आहे. यात कुणीच काही सांगत नाही.” दोन महिने झाले, रोज रात्री खेळतोय.

नावाचा अर्थ ‘स्वप्नांची डायरी’. किकियामा या टोपणनावानं वावरणाऱ्या एका जपानी माणसानं तो 2004 साली, आरपीजी मेकर 2003 या गेम बनवायच्या तयार साधनावर बनवला. फुकट आहे. 2018 पासून स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात इंग्रजीतही मिळतो, आणि इतका हलका आहे की आमच्या जुन्या मशीनवरसुद्धा अडखळत नाही.

मादोत्सुकी नावाची एक मुलगी, कायम डोळे मिटलेली. तिची एक खोली: पलंग, टेबलावर डायरी, टीव्ही, टीव्हीला जोडलेला जुना व्हिडिओगेम आणि बाहेर बाल्कनी. दाराकडे नेलं की ती मान हलवून नाही म्हणते. ती घराबाहेर पडतच नाही. म्हणून तिला झोपवायचं. स्वप्नात मात्र तेच दार उघडतं आणि अंधाऱ्या जागेत गोलाकार मांडलेली बारा दारं दिसतात. प्रत्येक दारामागे एक जग. संवाद नाही, गुण नाहीत, नकाशा नाही. जगात लपलेल्या चोवीस गोष्टी गोळा करायच्या, ज्यांना ‘इफेक्ट’ म्हणतात. छत्री वापरली की पाऊस पडतो. दिवा वापरला की तिच्या डोक्याच्या जागी रस्त्यावरचा दिवा येतो आणि काळोखातली वाट उजळते. सायकल लवकर मिळवा, कारण तिची चाल फार हळू आहे.

पहिले चार दिवस मला कंटाळा आला, हे सांगायलाच हवं. रिकाम्या मैदानात चालत राहायचं आणि एका कडेला गेलं की दुसऱ्या कडेतून परत आत यायचं. काही सेकंदांची एकच धून पुन्हा पुन्हा वाजत राहते. मग मी वही घेतली. कुठल्या जगातून कुठे उतरलो ते एकाखाली एक लिहायला लागलो, अगदी बोअरचा लॉग लिहितात तसं. आणि गेम उलगडला.

बर्फाच्या जगाचंच घ्या. त्यात बर्फाची घुमटी घरं आहेत. त्यांतल्या एकातून गुलाबी समुद्रावर जाता येतं. तिथे एक छोटं घर, घरात पिवळ्या केसांची एक मुलगी शांत उभी. भिंतीवर दिव्याचं बटण. ते दाबलं की अंधार होतो, पुन्हा दाबलं की उजेड. बटण बंद करताना चौसष्टातून एकदा वेगळंच घडतं: मुलीच्या जागी काळा-पांढरा, वितळल्यासारखा चेहरा येतो. त्याला हात लावला तर तुम्ही अशा जागी जाऊन पडता जिथून परत वाट नाही. गालाला चिमटा काढून जागं व्हायचं, एवढंच उरतं. मी किती वेळा बटण दाबलं ते मोजलं नाही, पण तो चेहरा आला तेव्हा रात्रीचे पावणेबारा झाले होते आणि मी खुर्ची मागे सरकवली होती. बर्फाखाली समुद्र, समुद्राखाली घर, घराखाली हे. इतक्या खोल जाऊन पुरलेली आठवण कुणाची, ते गेम सांगत नाही.

माझ्या मनात मात्र दुसरीच जागा घर करून राहिली. स्वप्नात एके ठिकाणी चित्र अचानक जुन्या आठ-बिटी गेमसारखं होतं, ठोकळ्यांचं, मोजक्या रंगांचं. खोलीतल्या त्या टीव्हीवर वरून पडणारी वांगी पकडायचा खेळ असतो, तो आठवा. घाटात रस्ता फोडताना नव्या मातीतून जुना खडक उघडा पडतो, तसं हे लहानपण उघडं पडलंय. मला तसं वाटतं. हे कुठे लिहिलेलं नाही.

आणि दोन स्वप्नांमधली ती खोली. सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्हाचे थरावर थर पसरले, पण दोन थरांमध्ये कित्येक ठिकाणी तांबड्या मातीचा पातळ पट्टा सापडतो. दोन उद्रेकांमध्ये खंड पडला, तेवढ्यात खालच्या थराच्या माथ्यावरच्या खडकाची झीज होऊन माती झाली, तिचा तो पट्टा. चुऱ्यात ती आली की हाताला गुळगुळीत लागते, बोटं लाल होतात. काहीच न घडण्याचा काळसुद्धा जमिनीत नोंदवलेला असतो. जागी होऊन खोलीत उभी राहिलेली मादोत्सुकी पाहिली की दर वेळी मला तो पट्टा आठवतो.

दोन तक्रारी आहेत. प्रगती जपायची तर जागं होऊन टेबलावरच्या डायरीतच लिहावी लागते. एकदा स्वप्नात असताना वीज गेली आणि दोन तासांची मेहनत वाया गेली, त्यात तीन इफेक्ट. दर अर्ध्या तासानं चिमटा काढा. दुसरी गोष्ट जास्त गंभीर आहे. गोळा करायच्या गोष्टींत सुरी आहे, काही दृश्यं रक्ताळलेली आहेत, आणि सगळं गोळा झाल्यावर येणारा शेवट फार दुःखाचा आहे. तो मुलीनं मला आधीच सांगितला, बरं केलं. लहान मुलांच्या हाती देऊ नका. मन आधीच खचलेलं असेल तर एकट्यानं खेळू नका.

माझे सतरा इफेक्ट झालेत. वहीत वीस पानं भरली. मुलगी परवा फोनवर विचारत होती, “बाबा, शेवटपर्यंत जाणार ना?” मी म्हटलं, “तू मेमध्ये ये, शेजारी बस, मग जाऊ.”